हळदीत रुतलेलं बटण

मी एक जुना, हळदीनं पिवळा पडलेला कीबोर्ड आहे. माझ्या अंगावर एकसष्ट पट्ट्या आहेत. त्यांतल्या दोन आता मुक्या झाल्या आहेत आणि एक दमेकऱ्यासारखी आधी श्वास घेते, मग बोलते. पट्ट्यांच्या वर बटणांच्या दोन ओळी आहेत. त्या बटणांवर एके काळी पांढरी अक्षरं होती, ती बोटांच्या घामानं पुसून गेली. एकाच बटणावरची अक्षरं कारखान्यातून आली तशी राहिली. मित्रांनो, त्या बटणाची गोष्ट हीच माझी गोष्ट आहे.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या एका कारखान्यात झाला. हातमोजे घातलेल्या एका मुलीनं माझी शेवटची तपासणी केली. तिनं प्रत्येक पट्टी वाजवून पाहिली, प्रत्येक बटण दाबून पाहिलं. सर्वांत शेवटी तिनं डावीकडचं चौकोनी बटण दाबलं. त्यावर इंग्रजीत 'एंडिंग' लिहिलं होतं. ते दाबलं की मी चालू असलेला ठेका आवरता घेतो, दोन गिरक्या मारतो आणि पाय जुळवून उभा राहतो. मुलीनं समाधानानं मान हलवली आणि मला खोक्यात घातलं. त्यानंतर वीसहून जास्त वर्षं ते बटण कोणीही दाबलं नाही.

खोक्यातून मी कुवेतला गेलो. पनवेलचा ताहेर तिथे रेडिओ आणि टीव्ही दुरुस्त करायचा. त्यानं मला विकत घेतलं आणि आपल्या खोलीत पलंगाखाली ठेवलं. शुक्रवारी सुट्टी असे. नमाज झाली, जेवण झालं की तो मला मांडीवर घेऊन एका बोटानं वाजवायचा. त्याला एकच धून येत होती आणि तीही अर्धी. अर्ध्यावर आला की तो म्हणायचा, "बाकीची गावी गेल्यावर." मग मला पुन्हा पलंगाखाली सरकवायचा.

तो गावी आला. पनवेलच्या जुन्या बाजारात त्यानं दुरुस्तीचं दुकान टाकलं. पण धून अर्धीच राहिली, कारण आता शुक्रवारीही गिऱ्हाईक येत होतं. मी काचेच्या कपाटात बसून लोकांचे मिक्सर आणि पंखे बघत राहिलो.

एके दिवशी सव्वीस वर्षांचा एक तरुण खांद्यावर फाटका स्पीकर घेऊन दुकानात आला. त्याचं नाव धनेश. तो महादेवच्या बेंजो पार्टीत काम करायचा. बेंजो म्हणजे लाकडी पेटीवर ताणलेल्या तारा आणि त्यांच्यावर टाइपरायटरसारखी बटणं. पनवेलपासून उरणपर्यंत आमच्याकडची हळद त्याच्याशिवाय लागत नाही.

"हात लावू?" धनेशनं माझ्याकडे बघत विचारलं.

"लाव ना. बिचारा पंखे बघून बघून कंटाळलाय."

धनेशनं मला वाजवायला घेतलं आणि ताहेरच्या हातातली डाख द्यायची कांडी हवेतच राहिली. थोड्या वेळानं तो म्हणाला, "धनेशभाई, माझ्याकडे याची इज्जत होत नाही. तू घेऊन जा. फक्त एक वादा कर. पाऊस आला तर आधी याला झाकशील, मग स्वतःला."

धनेशनं तो शब्द पाळला. पुढे कित्येक वेळा तो चिंब भिजला, पण माझ्या अंगावर थेंब पडला नाही.

मित्रांनो, ती माझी ऐन उमेदीची वर्षं. महादेवला सगळे दादूस म्हणत, म्हणजे थोरला भाऊ. त्याच्या पार्टीत सहा माणसं. टेम्पोत मला जागा आधी, माणसांना नंतर. उलव्याला मांडव असो की उरणच्या कोळीवाड्यात, आम्ही वाजवायला लागलो की म्हाताऱ्या बायकाही कमरेला पदर खोचून मधे उतरायच्या. कोणीतरी ओंजळभर हळद उधळायचं आणि ती आमच्या सगळ्यांच्या अंगावर बसायची. माणसं घरी जाऊन आंघोळ करायची. मला कोण आंघोळ घालणार? माझी हळद माझ्यातच मुरत गेली.

दादूसचे दोन नियम होते. पहिला असा की वाजवायचं थांबायचं नाही. "गाना चुकला तरी चालंल," तो म्हणायचा, "ताल तुटला का मानूस बसला. बसलेला मानूस च्या मागतो, आनि च्या प्यायलेला मानूस घरी जातो." म्हणून आमचं एक गाणं संपायच्या आत दुसऱ्यात शिरायचं, दुसरं तिसऱ्यात. दुसरा नियम असा की वाजत असताना आपण बसायचं नाही. वाजवणारा बसला तर यजमानाला वाटतं, हे दमले. चाळीस वर्षांत दादूसला वाजणाऱ्या गाण्यात कोणी बसलेलं पाहिलं नव्हतं.

मग आमचा कार्यक्रम संपायचा कसा? दहा वाजले की कोणीतरी मागून येऊन वायर काढायचं. सूर अर्धवट तोंडातच राहायचा. रोज तसंच व्हायचं, त्यामुळे त्याचं कोणाला काही वाटत नसे.

सतरा वर्षं अशी गेली. मग पार्टीनं नवा कीबोर्ड घेतला, माझ्याहून दीडपट लांब. तो दादूसच्या घरी ठेवत. धनेशनं मला जुन्या साडीत गुंडाळून माळ्यावर ठेवलं. ठेवताना म्हणाला, "आराम कर." आराम तीन वर्षं चालला. पाल माझ्यावरून रोज त्याच वेळेला जायची. मी तिच्यावरून दिवस ओळखायचो.

खाली धनेश आणि त्याची बायको निशा काय बोलतात ते मला ऐकू यायचं. एका संध्याकाळी धनेश आला तो चप्पल आपटतच आला.

"आज मी माझी स्वतःची चाल वाजवली," तो म्हणाला. "हळूच. दोन गाण्यांच्या मधे."

"मग?"

"मग काय? दोन बायका थांबल्या. नाचायच्या थांबल्या आणि ऐकायला लागल्या. दादूसनं बेंजो असा ओढला की माझी चाल मेलीच. नंतर सगळ्यांसमोर बोलला, 'आपला काम लोकांना नाचवायचा हाय. तुजा गाना तू घरी वाजव.'"

निशा कळंबोलीच्या कंटेनर यार्डात कॉम्प्युटरवर नोंदी करायची. कोणी काही सांगितलं की ते जसंच्या तसं करायची तिला सवय होती.

"घरी वाजव म्हणाले ना?" ती म्हणाली. "मग घरी वाजवा."

पाल माझ्यावरून गेली आणि पाठोपाठ धनेशचा हात आला. मित्रांनो, माणसाच्या हाताची ऊब काय असते हे तीन वर्षं माळ्यावर राहिल्याशिवाय कळत नाही.

निशानं आपला लॅपटॉप मधल्या खोलीत टेबलावर मांडला. ताहेरनं एक वायर दिली, तिचं एक टोक माझ्यात आणि एक लॅपटॉपमध्ये. मग जादू झाली. धनेश एकदा खालचे सूर वाजवायचा, ते त्या यंत्रात राहायचे. त्यांच्यावर तो पुन्हा वाजवायचा, त्यावर पुन्हा. माझे एकाचे नऊ मी झाले. मीच ढोल, मीच बासरी, मीच मागून येणारा वारा. काही आवाज तर माझ्या पोटात कारखान्यापासून होते आणि हळदीत कोणी मागितले नव्हते म्हणून मलाही माहीत नव्हते. रविवारच्या दुपारी आम्ही सगळे मी मिळून वाजायचो आणि निशा कानाला हेडफोन लावून, भाजी चिरता चिरता मान डोलवायची.

सात चाली तयार झाल्या. धनेशनं अल्बमला नाव दिलं, 'घरी वाजव'. गावात ही बातमी दादूसपर्यंत पोचायला अर्धा दिवस लागला. दुसऱ्या दिवशी तो दारात उभा.

"ऐकला की तू एकटाच पार्टी झालास," तो म्हणाला. "वऱ्हाड नाय, मांडव नाय, नवराच नवरा."

"दादूस, बसा ना."

"बसायला नाय आलो. गावदेवीच्या पालखीनंतरचा रविवार. मी सगली पार्टी घेऊन येतो. ऐकव आमाला. पन ध्यानात ठेव, आमी नाचनारे. लोकांनी तुजा गाना गप बसून ऐकला, तर मी मानीन का तो गाना हाय. मग म्हनीन, पार्टीतबी वाजव."

तो गेला. धनेशचा चेहरा उतरला होता, आणि त्याचं कारण मला ठाऊक होतं. सात चाली होत्या खऱ्या, पण एकीलाही शेवट नव्हता. पहिली चाल संपत आली की धनेशची बोटं आपोआप दुसरीत शिरायची. तो हात मागे घ्यायचा, पुन्हा वाजवायचा, पुन्हा तेच. वीस वर्षं त्याच्या गाण्यांचा शेवट दुसऱ्यानंच केला होता. स्वतः थांबायचं कसं हे बोटांना कधी शिकवलंच नव्हतं.

पालखीला सोळा दिवस उरले होते.

ताहेर म्हणाला, "सोपं आहे. शेवटी आवाज हळूहळू कमी करत जा."

"ते संपणं नाही, ताहेरभाई. ते मागच्या दारानं पळणं."

मग निशाला माझ्यावरचं बटण दिसलं. "अहो, इथे लिहिलंच आहे की. एंडिंग. वीस वर्षं काय बघत होता?"

धनेशनं ते दाबलं. ते हललं नाही. अंगठ्यानं जोर केला, तरी नाही. तो मला घेऊन ताहेरच्या दुकानी गेला. ताहेरनं माझे स्क्रू काढले, पाठ उघडली आणि हसायला लागला. बटणाखाली हळदीची वडी जमली होती, पापडासारखी. त्यात दोन अक्षता आणि साडीची एक टिकली रुतलेली होती.

"याला इतकी वर्षं हळद लागतेय," ताहेर म्हणाला, "आणि लग्न काही झालं नाही."

त्यानं ब्रशनं, कापसानं, फुंकर मारून सगळं साफ केलं आणि ठेका लावला. बटण दाबलं. मी दोन गिरक्या मारल्या आणि पाय जुळवून थांबलो. मित्रांनो, मला किती बरं वाटलं म्हणून सांगू.

पण घरी येऊन धनेशनं सातही चालींना तो शेवट लावून पाहिला आणि डोक्याला हात लावला. सगळ्यांचा शेवट एकसारखा. जणू एकाच मापाची चप्पल सात जणांना घातली. निशानंही हेडफोन काढून ठेवला.

त्या दुपारी धनेशची आई, रंभाबाई, उंबऱ्याशी बसून सुपात सुकी कोळंबी निवडत होती. रंभाबाई धवलारीण. आमच्याकडच्या लग्नात धवले गाऊन एकेक विधी पुढे नेणारी बाई म्हणजे धवलारीण. पंचवीस गावांतली लग्नं तिच्या गळ्यातून लागली होती. धनेश तीच चाल अकराव्यांदा वाजवत होता.

"ह्यो गाना घर इसरलाय काय रं?" ती म्हणाली. "मगासधरनं दारावरून फिरतोय."

धनेशनं हात काढला. "आये, तुझा धवला कुठं संपवायचा ते तुला कसं कळतं?"

"कसा म्हंजे? काम झाला का संपतो."

"कसलं काम?"

"हलदीचा धवला हलद लागंपर्यंत. पाच जनींनी लावली, हात धुतले, का मी गप. चुलीचा धवला चूल पुजंपर्यंत. नवरीची आई रडाया लागली तर चार ओली जास्ती. नाय रडली तर निघायचा." तिनं एक खराब कोळंबी काढून बाहेर टाकली. "तुज्या गान्याचा काम काय हाय?"

धनेशनं माझ्याकडे पाहिलं.

"बघ," ती म्हणाली. "त्याला काम नाय, म्हनून तो घरी जात नाय."

तिनं पुन्हा सुपात मान घातली. धनेशनं पुन्हा माझ्या पट्ट्यांवर बोटं ठेवली. मग त्यानं विचारलं, "आये, बाबा मिठागरात मिठाची रास घालायचे, ती पुरी झाली हे कसं कळायचं?"

"रास टोकदार झाली का तुजा बाप फावड्याच्या पाठीनं दोनदा थापटायचा. थप, थप. मग बिडी."

धनेशनं पहिली चाल सुरू केली. ती खालून वर, खालून वर चढत गेली आणि तिला टोक आलं. त्यानं माझ्या सर्वांत खालच्या दोन पट्ट्या वाजवल्या. थप, थप. आणि हात उचलला. बोटं कुठेही घसरली नाहीत. उंबऱ्याशी रंभाबाई म्हणाली, "आता बिडी." तिचं सूप हातातच राहिलं होतं.

मग घरात धमाल उडाली. कुठल्या चालीला कुठलं काम द्यायचं यावर जेवताना भांडणं व्हायची. निशा सकाळी पळस्पे फाट्यावर कंपनीच्या बसची वाट बघते, ती एक चाल झाली. "बस आली की संपवा," धनेशची आई म्हणाली. निशा म्हणाली, "छे, बस आल्यावर कुठे संपतं? जागा मिळाल्यावर संपतं." म्हणून ती चाल दोन सूर इकडे तिकडे ढकलाढकली करते आणि मग टेकते. एक चाल सूप रिकामं होईपर्यंतची. एक दादूस बेंजोच्या तारा पिळतो त्याची. शेवटची तार लागली की संपली. ताहेरची कुवेतची अर्धी धून धनेशनं त्याच्याकडून गुणगुणून घेतली आणि आपलीच एक चाल तिला पुढचा अर्धा भाग म्हणून जोडली. ती ऐकताना ताहेर दुकानात चष्मा पुसत राहिला. "गावी गेल्यावर म्हणायचो ना मी," एवढंच बोलला.

अशा एकेक करून सहा चाली घरी पोचल्या. सातवी, म्हणजे हळदीत दादूसनं मारलेली ती चाल, तशीच राहिली. तिला काही केल्या काम सापडेना. रविवार उजाडला.

घराच्या ओटीवर सतरंज्या टाकल्या. पार्टीतले पाच जण, ताहेर, शेजारच्या बायका, सगळे आले. सगळे बसले. दादूस तेवढा खांबाला टेकून उभा राहिला. धनेशनं खुर्ची पुढे केली.

"नको," दादूस म्हणाला. "वाजत असताना मी बसत नाय, तुला ठावं हाय."

निशानं लॅपटॉप सुरू केला. पहिली चाल थप थप करून थांबली. ओटीवर शांतता पसरली. पार्टीतला ढोलकीवाला शिवा आयुष्यात इतका वेळ शांततेत बसला नव्हता. न राहवून त्यानं सतरंजीवर ठेका धरला. शेजारणीनं त्याच्या हातावर फटका मारला. दुसरी चाल आली, बसमध्ये जागा मिळवून टेकली. बायका हसल्या. तिसरीला शिवाचे हात मांडीवर गप होते. बेंजोच्या तारांची चाल सुरू झाली तेव्हा दादूसची बोटं खांबावर तारा पिळू लागली आणि शेवटची तार लागल्यावर थांबली. पण तो उभाच.

सहा झाल्या. धनेश उठला आणि मला पुढे घेऊन म्हणाला, "सातवी अजून झाली नाही. ही मी इथेच वाजवतो."

निशानं वायर माझ्यात खोचली, लॅपटॉपचा माइक लावला आणि यंत्र चालू केलं. धनेशनं मंद ठेका लावून ती चाल सुरू केली, संथ, जशी मनात होती तशी. बायकांनी ऐकली, शिवानं ऐकली. चाल एकदा पुरी झाली. धनेशनं दादूसकडे पाहिलं. दादूस एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर घेत होता. त्याचे गुडघे सुजलेले असतात हे गावात सगळ्यांना माहीत होतं. कोणी बोलत नसे.

त्या क्षणी धनेशच्या बोटांतून मला समजलं की चालीला काम सापडलं. त्यानं ती पुन्हा घेतली, जरा आणखी मऊ. दादूसनं खांब बदलला. धनेशनं तिसऱ्यांदा घेतली. माझी दमेकरी पट्टीही तेव्हा श्वास न घेता बोलली. रंभाबाई सगळं बघत होती. तिनं खुर्ची दादूसच्या मागे सरकवली. चौथ्या वेळी दादूसनं एक हात खुर्चीच्या पाठीवर ठेवला. मग त्यानं एक सुस्कारा टाकला आणि वाजत्या गाण्यात, चाळीस वर्षांत पहिल्यांदा, खाली बसला.

धनेशनं एंडिंगचं बटण दाबलं. मी दोन गिरक्या मारल्या आणि पाय जुळवून उभा राहिलो.

वायर कोणी काढली नव्हती, दहा वाजले नव्हते, आणि तरी गाणं संपलं होतं.

"संपला?" दादूसनं विचारलं.

"संपला, दादूस."

"बरा झाला." त्यानं दोन्ही हातांनी गुडघे चोळले. "चालीस वर्सां दुखत होते." मग निशाकडे बघून म्हणाला, "आता च्या ठेव. आनि रं धनेश, पुढच्या हलदीला ह्यो गाना घे. नवरीच्या आईसाठी. ती बिचारी पन उभीच असती."

ती सातवी चाल निशानं होती तशीच ठेवली. नीट ऐकलंत तर शेवटाच्या जरा आधी एक खुर्ची कुरकुरते. ती दादूसची.

मित्रांनो, आता मी माळ्यावर नसतो. मधल्या खोलीत टेबलावर असतो, अंगावर धुतलेला पंचा असतो. माझं तुमच्याकडे एकच मागणं आहे. घरातली जुनी वस्तू पुसाल तेव्हा तिचा रोजच्या वापराचा भाग तर पुसाच, पण जिथे कधी हात लागत नाही तिथेही एकदा फडकं फिरवा. काय रुतून बसलं असेल सांगता येत नाही. आणि तुमच्या घरात कोणी फार वर्षं उभं असेल, तर त्याच्या मागे हळूच एक खुर्ची सरकवा.

माझं काम झालं. धनेशनं बटणावर बोट ठेवलं आहे.